विनोदी मालिकेच्या लेखकाने निर्मितीत उतरावं का? आणि मिळाली तर भूमिका करावी का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. तीन वर्षं तुम्ही एका विनोदी मालिकेच्या लेखकांच्या टीममध्ये आहात. आता तुम्हाला निर्मितीची काही जबाबदारी घेणार का, असं विचारलं गेलंय. त्याच मालिकेत अधूनमधून दिसणारी एक छोटी भूमिकाही देऊ केली आहे. तीन दगडांवर पाय ठेवला तर लेखन हातचं जाईल, ही तुमची भीती.

वीसहून अधिक वर्षं मी हेच करत आलोय. आधी नुसता लेखक होतो, मग लेखक-निर्माता झालो, आणि कधीमधी कॅमेऱ्यासमोरही उभा राहिलो. माझं उत्तर असं की निर्मिती जरूर घ्या, कारण ती लेखनाचाच उरलेला अर्धा भाग आहे. भूमिकेला मात्र अटी आहेत, त्या शेवटाकडे सांगतो.

निर्मितीला मी लेखनाचा भाग का म्हणतो, ते एका जुन्या अनुभवावरून सांगतो. एका भागात मी एक घरमालक लिहिला होता. दुसऱ्याच प्रसंगात तो शेजाऱ्याला घराची जादा किल्ली देतो आणि म्हणतो, ‘‘विश्वास आहे म्हणून देतोय, दुसऱ्या कुणाला दिलेली नाही.’’ मग जिन्यात जो भेटेल त्याला तेच वाक्य ऐकवून एकेक किल्ली देत जातो. शेवटच्या प्रसंगात तो स्वतः दाराबाहेर अडकतो आणि आजूबाजूचा प्रत्येक जण शांतपणे खिशातून किल्ली काढतो. वाचनाच्या वेळी खोलीतले सगळे मोठ्याने हसले होते. चित्रीकरणानंतर भाग चार मिनिटं लांब निघाला आणि संकलनात दुसरा प्रसंग उडाला, कारण त्यात ‘काही घडत नव्हतं’. प्रसारणात शेवटी सहा माणसं एकाच दाराच्या किल्ल्या हातात घेऊन उभी दिसली, आणि त्या त्यांच्याकडे कशा आल्या ते कुणालाच कळलं नाही. संकलकाचा त्यात दोष नव्हता. लांबी कमी करायची होती आणि कथानकाला धक्का न लागता निघण्यासारखा तोच प्रसंग होता. शेवटचं हसू त्या प्रसंगावर उभं आहे हे ज्याला माहीत होतं तो माणूस तिथे नव्हता, कारण माझं काम संहिता दिल्यावर संपलं असं धरलं होतं.

अमेरिकेतल्या जाहिराती दाखवणाऱ्या वाहिन्यांवर अर्ध्या तासाच्या विनोदी मालिकेला प्रत्यक्षात साधारण २२ मिनिटं मिळतात. संकलनातली पहिली जुळणी जवळपास नेहमीच त्याहून लांब असते, म्हणजे दर भागात काही ना काही कापलं जाणारच. अशा वेळी पहिल्या प्रसंगातली कुठली ओळ नवव्या प्रसंगाला पोसते, हे सांगणारं कुणीतरी लागतं. लेखक संकलनात हवा तो यासाठी. आपली वाक्यं वाचवायला तिथे बसायचं नसतं. उलट पंच, म्हणजे शेवटी हसवणारा फटका, शाबूत राहावा म्हणून आपल्याच आवडत्या चार ओळी आपण होऊन काढून देणारा लेखक संकलनात सर्वांत उपयोगी पडतो.

निर्मात्याचा अधिकार म्हणजे काय, याचं मला नेहमी आठवणारं उदाहरण १९७२ साली सुरू झालेल्या ‘मॅश’ या मालिकेचं आहे. पार्श्वभूमी कोरियन युद्धातल्या लष्करी रुग्णालयाची. वाहिनीला त्यावर ध्वनिमुद्रित हसू हवं होतं. मालिका उभी करणारे लेखक लॅरी गेल्बार्ट आणि निर्माते जीन रेनल्ड्स यांना ते नको होतं. शेवटी तडजोड झाली आणि शस्त्रक्रियेच्या खोलीतले प्रसंग हसूविना राहिले. आज ते प्रसंग बघा. जखमी माणसावर वाकलेले डॉक्टर थट्टा करतात आणि मागे शांतता असते. ती थट्टा भीती दाबण्यासाठी आहे हे त्या शांततेमुळे कळतं. ही शांतता कागदावर लिहून मिळत नाही. त्यासाठी वाहिनीशी बोलणी करावी लागतात, काही द्यावं लागतं, काही घ्यावं लागतं. अशी बोलणी करण्याची पत निर्मात्याच्या खुर्चीला असते.

पदांच्या नावांनी गोंधळू नका. अमेरिकी पद्धतीत लेखकाच्या बढतीच्या पायऱ्यांनाच निर्मात्याची नावं आहेत. स्टाफ रायटर, स्टोरी एडिटर, को-प्रोड्युसर, प्रोड्युसर, सुपरवायझिंग प्रोड्युसर अशा चढत त्या एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसरपर्यंत जातात. मालिकेचा गाडा प्रत्यक्ष हाकणारा तो शोरनर. ब्रिटनमध्ये परंपरेने लेखक एकटा किंवा जोडीने लिहितो आणि निर्माता बहुधा वेगळा असतो. जॉन क्लीज आणि कॉनी बूथ यांनी ‘फॉल्टी टॉवर्स’चे १९७५ आणि १९७९ मिळून फक्त १२ भाग लिहिले. दोन्ही पद्धतींतून उत्तम काम झालेलं आहे. तुम्हाला दिलं जाणारं पद नुसतं शोभेचं आहे की त्याच्यासोबत संकलन, पात्रनिवड आणि वेळापत्रक यांत बोलण्याची मुभा आहे, एवढंच तपासा.

वेळापत्रक आणि खर्च हे शब्द ऐकून लेखक दचकतात. मीही दचकत असे. पण निर्मितीत गेल्यावर माझं लेखन सुधारलं ते खर्चाच्या कागदामुळेच. एका विनोदासाठी नवा सेट लावायचा म्हटलं की प्रश्न येतो, हे भांडण नेहमीच्या दिवाणखान्यात होऊ शकत नाही का? बहुतेक वेळा होऊ शकतं, आणि तिथे ते जास्त रंगतं. नव्या जागी पात्रं पाहुणी असतात, चिडली तर निघून जाऊ शकतात. स्वतःच्या घरात त्यांना पळून जायला जागा नसते, आणि माणूस अडकला की विनोद सुरू होतो. बाहेरच्या जागेसाठी लिहिलेले कितीतरी प्रसंग मी नाइलाजाने आत आणले आणि परत बाहेर नेले नाहीत.

आता लेखकांच्या खोलीविषयी थोडं सविस्तर, कारण निर्माता झालात की ती खोली तुम्हाला चालवावी लागेल. तिथे बसून लिहिण्यापेक्षा ते काम पुष्कळ वेगळं आहे.

प्रेक्षकांसमोर अनेक कॅमेऱ्यांनी चित्रित होणाऱ्या मालिकेचा आठवडा साधारण ठरलेला असतो. पहिल्या दिवशी टेबल रीड, म्हणजे सगळे नट टेबलाभोवती बसून संहिता वाचतात. त्या रात्री पुनर्लेखन. मग दोन-तीन दिवस रन-थ्रू, म्हणजे भागाची सलग तालीम, आणि रोज संध्याकाळी पुन्हा पुनर्लेखन. त्यानंतर कॅमेऱ्याची तालीम, आणि शेवटी प्रेक्षकांसमोर चित्रीकरण. ‘आय लव्ह ल्युसी’ने १९५१मध्ये प्रेक्षक बसवून तीन फिल्म कॅमेऱ्यांनी चित्रीकरण करण्याची पद्धत रूढ केली, त्याचीच ही पुढची वाट.

या आठवड्यात एक सापळा आहे आणि त्यात मी चांगल्या चांगल्या टीम पडलेल्या पाहिल्यात. पहिल्या दिवशी एका ओळीवर टेबल दणाणतं. तिसऱ्या दिवशी त्याच ओळीवर कुणी हसत नाही, कारण सगळ्यांनी ती चार वेळा ऐकलेली असते. लेखक घाबरतात आणि ओळ बदलतात. नवी ओळ नवी असल्यामुळेच हसू मिळवते. चित्रीकरणाच्या रात्री प्रेक्षक मात्र सगळं पहिल्यांदाच ऐकतो, आणि त्याच्यापुढे दुसऱ्या प्रतीची ओळ येते. म्हणून टेबल रीडच्या वेळी मी माझ्या प्रतीवर प्रत्येक हशाची खूण करतो. खूण असलेली ओळ बदलायची असेल तर कारण सांगावं लागतं. ‘आता मजा वाटत नाही’ हे कारण मी मानत नाही.

ओळ खरोखरच पडली असेल तर ‘अजून चांगला विनोद द्या’ असं खोलीला सांगू नका. त्यातून फक्त आवाज वाढतो. आधी ती का पडली ते शोधा. कधी प्रेक्षकाला आवश्यक ती माहितीच मिळालेली नसते. मग पंच कितीही घासला तरी उपयोग नाही, दुरुस्ती दोन पानं मागे असते. कधी ओळ कळते, पण ती त्या पात्राच्या तोंडची वाटत नाही, लेखकाची वाटते. अशी ओळ मी काढून टाकतो, मग ती कितीही चमकदार असो, कारण पात्रावरचा विश्वास एकदा उडाला की पुढच्या दहा ओळी पडतात. आणि कधी सगळं ठीक असतं, फक्त शब्द चुकीच्या जागी बसलेला असतो.

या शेवटच्या दोषाकडे मराठीत लिहिणाऱ्याने खास लक्ष द्यायला हवं. आपल्या भाषेत क्रियापद शेवटी येतं, त्यामुळे हसवणारा शब्द वाक्याच्या पोटात गाडला जातो आणि ‘ठेवलेली आहे’, ‘करत होतो’ असलं शेपूट मागे लोंबत राहतं. प्रेक्षक हसायला लागतो तेव्हा नट अजून बोलतच असतो, आणि हसू तुटतं. समजा साहेब हरवलेली फाइल शोधतायत आणि कारकून म्हणतो, ‘‘साहेब, ती फाइल मी तुमच्या खुर्चीच्या डुगडुगणाऱ्या पायाखाली ठेवलेली आहे.’’ माहिती बरोबर आहे, पण हसू अर्धवट. तेच असं करून बघा: ‘‘साहेब, तुमची खुर्ची डुगडुगायची ना? आता डुगडुगते का?’’ आणि तिथे थांबा. साहेब हळूच खाली बघतात. फाइलचं नावही निघालं नाही, पण शेवटची उडी प्रेक्षकाने स्वतः मारली. बोलण्यात आपण शब्द क्रियापदाच्या पलीकडेही सहज टाकतो, जसं ‘‘झोपलाय तो, मांडवात!’’ ही बोलीची सूट विनोदी लेखकाने हक्काने वापरावी. प्रमाण वाक्यरचनेच्या धाकाने कितीतरी चांगल्या ओळी मेलेल्या मी पाहिल्यात, आणि त्यांचं मला आजही वाईट वाटतं.

आता अभिनय. भूमिका करण्याने लेखकाला जे कळतं ते दुसऱ्या कुठल्याही मार्गाने कळत नाही. माझी पहिली भूमिका तीन वाक्यांची होती. त्यातलं एक वाक्य मीच लिहिलं होतं आणि ते मला एका दमात म्हणता येईना. कागदावर स्वल्पविराम होता, पण तिथे श्वास घेतला की विनोद मरत होता. त्या दिवसापासून मी प्रत्येक संवाद उभा राहून, चालत, मोठ्याने म्हणून बघतो. दुसरी गोष्ट कळली ती अशी की बोलणं सोपं असतं. दुसरा बोलत असताना हातांचं आणि चेहऱ्याचं काय करायचं, हे अवघड. लेखक पाच जणांचा प्रसंग लिहितो, दोघांना संवाद देतो आणि उरलेल्या तिघांना विसरतो. सेटवर ते तिघं जिवंत माणसं असतात आणि काहीतरी करायला शोधत असतात. मी आता पाच माणसं लिहिली तर त्या तिघांना त्या क्षणी काय हवंय, ते आधी ठरवतो.

हे शिकायला नेहमी कॅमेऱ्यासमोरच जावं लागतं असंही नाही. ‘आय लव्ह ल्युसी’ या ल्युसिल बॉलच्या मालिकेची लेखिका मॅडलिन प्यू, ल्युसीकडून करून घ्यायच्या शारीरिक करामती आधी स्वतः करून बघत असे. हे माणसाला जमतं का, दुखापत होईल का, हे तपासून मगच ते संहितेत जाई. अभिनेत्रीला अडचणीत न टाकण्याची ही काळजी मला कुठल्याही पुरस्कारापेक्षा मोठी वाटते.

लेखक-नट यांची व्यवस्था नीट लावलेलं एक उदाहरण म्हणजे ‘द ऑफिस’ची २००५ ते २०१३ या काळातली अमेरिकी आवृत्ती. ही आवृत्ती उभी करणारे ग्रेग डॅनियल्स यांनी लेखकांच्या टीममधल्याच काही जणांना पात्रं दिली. बी. जे. नोव्हाक रायन झाला, मिंडी केलिंग केली झाली, पॉल लीबरस्टीन टोबी झाला. लीबरस्टीन यांनी पुढे काही वर्षं मालिकेची सूत्रंही सांभाळली. केली आणि टोबी मुख्य दालनात बसत नाहीत, मागच्या वेगळ्या भागात बसतात. मुख्य दालनातल्या नटांना दुसऱ्याचा संवाद चालू असतानाही चौकटीत मागे दिसत राहावं लागतं. मागे बसणाऱ्यांवर हा भार कमी, म्हणजे लिहायला वेळ अधिक. लेखकाला भूमिका देताना तिचं टेबल कुठे आहे, हेसुद्धा बघायचं असतं.

मात्र लेखकाने स्वतःसाठी मोठी भूमिका लिहिणं ही वेगळीच गोष्ट. कार्ल रायनर आधी अमेरिकी विनोदवीर सिड सीझरच्या कार्यक्रमांत नट होते आणि मेल ब्रूक्स, नील सायमन यांच्यासारख्या लेखकांच्या खोलीत बसून विनोदाला हातभार लावत. त्या अनुभवावर त्यांनी टेलिव्हिजनच्या एका विनोदी लेखकाचं घर आणि कचेरी यांवर मालिका रचली, एकामागून एक १३ भाग लिहून ठेवले आणि नमुना भागात नायक स्वतःच साकारला. तो नमुना भाग वाहिन्यांनी घेतला नाही. निर्माते शेल्डन लेनर्ड यांनी सुचवलं की लेखन उत्तम आहे, नायक बदला. रायनर बाजूला झाले, डिक व्हॅन डाइक आले आणि १९६१ ते १९६६ या काळात ‘द डिक व्हॅन डाइक शो’चे १५८ भाग झाले. रायनर निर्माते राहिले, कितीतरी भाग लिहिले, आणि स्वतःकडे अॅलन ब्रेडी नावाच्या तिरसट ताऱ्याची छोटी भूमिका ठेवली. सुरुवातीच्या भागांत तर तो पाठमोराच दिसतो. स्वतःच्या आयुष्यावरची भूमिका दुसऱ्याला देणं किती जड गेलं असेल याची कल्पना मी करू शकतो. पण लेखन चांगलं आहे आणि ते माझ्या चेहऱ्यामुळे अडलंय, हे मान्य केल्यावरच ती मालिका उभी राहिली.

जिमी पेरी यांचंही तसंच. ‘डॅड्स आर्मी’ या ब्रिटिश विनोदी मालिकेची कल्पना त्यांची, पेशाने ते नट, आणि वॉकर हे काळाबाजार करणारं पात्र त्यांनी स्वतःला डोळ्यापुढे ठेवून लिहिलं होतं. निर्मितीकडून नकार आला आणि ती भूमिका जेम्स बेक यांना मिळाली. पेरी एका भागात छोट्या भूमिकेत दिसले, बाकी डेव्हिड क्रॉफ्ट यांच्यासोबत लिहीत राहिले आणि १९६८ ते १९७७पर्यंत ८० भाग झाले. तुम्ही सेटवर उभे असाल तर प्रसंग बाहेरून बघणारं कुणी उरत नाही. शिवाय चांगली ओळ तुमच्या पात्राच्या वाट्याला आली की सहकलाकारांच्या मनात शंका येते, आणि एकदा आली की जात नाही.

तुमच्या भीतीचा एक भाग पोटापाण्याचा आहे, त्याबद्दलही सांगतो. पूर्वी अमेरिकी वाहिन्यांवर एका हंगामाचे २०-२२ भाग असत आणि कनिष्ठ लेखक चित्रीकरण सुरू असताना नोकरीवर असे. सेट, तालीम, संकलन हे सगळं तो बघत बघत शिके. स्ट्रीमिंगच्या काळात हंगाम आठ-दहा भागांवर आले. लहान टीम चित्रीकरणाआधीच सगळ्या संहिता लिहून मोकळी होऊ लागली. परिणामी पाच-सहा वर्षं लिहूनही सेट न पाहिलेले लेखक तयार झाले. २०२३मध्ये अमेरिकी लेखक संघटनेने केलेला १४८ दिवसांचा संप ज्या मुद्द्यांवर झाला, त्यांत हाही होता. नंतरच्या करारात भागांच्या संख्येनुसार तीन ते सहा लेखकांची किमान टीम ठरली. नियम देशोदेशी वेगळे असतील, पण अडचण सगळीकडची आहे. निर्मिती शिकण्याची संधी आता आपोआप मिळत नाही. तुम्हाला ती कुणी आपण होऊन विचारतंय, तर या घडीला तरी नाही म्हणू नका.

भूमिकेसाठी माझ्या अटी सांगतो. तिचे दिवस संकलनाच्या आणि पुनर्लेखनाच्या दिवसांशी टक्कर घेत नसावेत. तिच्या ओळी तुम्ही लिहू नका, दुसऱ्या लेखकाकडे द्या आणि कापायचा अधिकारही त्याच्याकडेच ठेवा. आणि ती अशी असावी की उद्या तुमच्याजागी दुसरा नट उभा केला तरी मालिका एक दिवसही थांबणार नाही. हे तिन्ही जमत असेल तर आनंदाने करा, तुमच्या लेखनाला त्याचा फायदाच होईल. एकही निसटत असेल तर ‘या हंगामात नको’ असं सरळ सांगा. छोट्या भूमिका पुन्हा येतात.

आणि करारावर सही करण्याआधी संकलनाला बसण्याचा हक्क लेखी मागा. सुरुवात तुम्ही स्वतः न लिहिलेल्या भागापासून करा. स्वतःच्या भागात आपण ओळी मोजत बसतो. दुसऱ्याच्या भागात कुठल्या फ्रेमवर कापल्याने हसू आलं आणि कुठे दोन सेकंद जास्त राहिल्याने ते विझलं, हे स्वच्छ दिसतं. असे तीन-चार भाग बघून झाले की मग तुमचा.